तारीख काढून घेतलेला शिक्का

मित्रांनो, मी एक जुना शिक्का आहे. परवाना विभागाच्या आवक खिडकीवरचा. लाकडी मूठ, रबराचा चेहरा आणि पोटात तारखेची फिरती चाकं. आलेल्या अर्जावर आणि अर्जदाराच्या पोचेवर उमटायचं, एवढंच माझं काम. कारकून भाऊ रोज सकाळी तारीख बदलायचे, फुंकर मारायचे आणि म्हणायचे, "चला, लागा कामाला!" माझा ठसा इतका ठसठशीत उठायचा की मीच माझ्यावर खूश असायचो. ती फुशारकी आठवली की आज लाज वाटते.

कोपऱ्यावर पावाची भट्टी चालवणारी एक मावशी मुदत संपायच्या आधी परवान्याच्या नूतनीकरणाचा अर्ज घेऊन आली. मी पोचेवर उमटलो. "शिक्का बसला, आता वर्षभर घोर नाही," असं म्हणत तिने ती पोच चौकटीत लावली आणि परवान्याच्या जागी टांगली. अर्ज मात्र साहेबांच्या टेबलावर पडून राहिला. होय नाही आणि नाहीही नाही.

मुदत संपली आणि आमच्याच निरीक्षकाने भट्टीला कुलूप ठोकलं. मावशी चौकट घेऊनच खिडकीवर आली. "अहो, हा तुमचाच शिक्का ना? मग कुलूप कसलं?"

"अर्ज विचाराधीन आहे," साहेब आतूनच म्हणाले.

"भट्टी गार पडली की विटा फुटतात हो! नाही म्हणायचं तर तोंडाने नाही म्हणा!"

साहेबांनी आतून दार लोटून घेतलं. माझ्यावर विसंबून ती बाई गाफील राहिली होती. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

काही दिवसांनी तिच्यासोबत तिची वकील भाची आली. तिने पोच उजेडात धरली. "मावशी, यांनी नकार दिला असता तर आपण अपील केलं असतं. हे गप्प बसलेत, म्हणून उच्च न्यायालयात जाऊ. अर्ज कधी दिला ते इथे स्वच्छ दिसतंय. बास झालं."

पुढे न्यायालयाचा आदेश आला, तोही माझ्याच खालून गेला. परवाना द्याच, असं त्यात नव्हतं. चार आठवड्यांत कारणांसह लेखी निर्णय द्या आणि तोवर भट्टी चालू द्या, असं होतं. साहेबांना निर्णय घ्यायला दोन दिवस पुरले. नूतनीकरण मंजूर झालं. पण तोवर भट्टीचा घुमट तडकला होता आणि भट्टीवरचा जुना कारागीर दुसरीकडे कामाला लागला होता. मावशी मंजुरी घ्यायला आली तेव्हा हसली नाही.

साहेबही धडा शिकले, पण वेगळाच. "त्या तारखेने घात केला. यापुढे नुसता शिक्का मारत जा," त्यांनी भाऊंना बजावलं. भाऊंनी चिमट्याने माझी चाकं काढली. तेव्हापासून मी तारखेशिवायच उमटतो. लोक माझ्याकडे बघून निर्धास्त होतात, पोच जपून घडी घालतात, आणि मला ओरडून सांगता येत नाही.

आज सकाळी मावशी पुन्हा नूतनीकरणाला आली. पोच बघून तिने ती खिडकीतून परत सरकवली. "भाऊ, तारीख कुठंय?"

"आता टाकत नाही आम्ही."

तिने पर्समधून पेन काढलं. "मग हाताने लिहा आणि सही करा. मी थांबते." मागची रांगही थांबली. भाऊंनी साहेबांच्या दाराकडे पाहिलं, मान खाली घातली आणि तारीख लिहिली. मग रांगेतल्या प्रत्येकाने लिहून घेतली.

मी पॅडवर पडून बघत होतो. मावशीच्या आधी एक म्हातारे सलूनवाले काका येऊन गेले होते. त्यांच्या पोचेवर नुसता मीच आहे. मित्रांनो, ते कुठे भेटले तर त्यांना एवढं सांगा, की काका, खिडकी बंद व्हायच्या आत परत जा.