बैलाची नळी, घोडीचा श्वास

“हाई बैलसनी नळी शे. घोडीना तोंडमा घालू नका,” असं मला तासून गुळगुळीत करणाऱ्या भिकुबाईंनी झुलालआबांना बजावलं होतं. आबा तेव्हापासूनच घोडी घ्यायच्या बेतात होते. मित्रांनो, मी बांबूची नळी. मी मनात हसले. तोंड ते तोंड. बैलाचं काय नि घोडीचं काय!

दोंडाईच्याजवळच्या एका गोठ्यात मी खुंटीला असते. वारा आरपार गेला की वाटतं, मी अजून बांबूच्या बेटातच डुलते आहे. आबांनी माझ्यातून किती बैलांना तेल पाजलं, ताक पाजलं, काढे पाजले. आल्यागेल्याला ते माझं कौतुक सांगत आणि मी फुलून जाई.

मग बऱ्याच वर्षांनी सावळी नावाची घोडी आली. गेल्या पौषात तिला शिंगरू झालं. धुक्यात ते तिच्या पोटाखाली शिरून लुचायचं आणि बघता बघता मला गुंगी यायची.

एका दुपारी सावळी पोटाकडे वळून बघू लागली, खूर आपटू लागली. आबांच्या सुनेनं, सुलक्षणानं, डॉक्टरांना फोन लावला. निघालोच आहे, तोवर तोंडानं काही पाजू नका, असं ते म्हणाले. पण आबांना धीर कुठला? त्यांनी दोर निंबाच्या फांदीवरून टाकला, घोडीचं तोंड आभाळाकडे ओढलं आणि मला आत सारलं. सुलक्षणा अडवायला धावली.

“चाळीस वरीस बठ्ठा बैलसले असंच पाजेल शे,” आबा म्हणाले. म्हणजे सगळ्या बैलांना असंच.

तेल वाहिलं. तोच सावळीला ठसका लागला, नाकपुड्यांतून तेल आलं.

“आबा, दोर सोडा. श्वासात गेलंय तिच्या,” सुलक्षणा ओरडली.

आबांनी दोर सोडला. मला गवतात टाकून त्यांनी तिची मान खाली केली.

पोटदुखी डॉक्टरांनी त्याच दिवशी उतरवली. छातीतल्या तेलानं मात्र नऊ दिवस ताप आला. इंजेक्शनं झाली. दूध आटलं, शिंगरू लुचून लुचून रिकाम्या तोंडानं बाजूला होई. आपलं तान्हं मांडीवर घेऊन सुलक्षणा तिथंच बसे, सावळीच्या बरगड्यांवर नजर ठेवून.

पुढे गोळ्या मिळाल्या. सुलक्षणा त्या कुटून गुळाच्या पाण्यात कालवी, बिनसुईच्या मोठ्या सिरिंजमध्ये भरी. समोर नाही, घोडीच्या खांद्याशी उभी राही. मान सरळ. ओठाच्या कोपऱ्यात, जिथं दात नसतात, तिथून थोडंसं सोडायचं; घोट उतरला की पुढचं. आधी दोन दिवस तिनं नुसतं गूळपाणीच दिलेलं, म्हणून सावळी बिचकेना. आबा शेजारी उभे राहून हळूच म्हणत, “उतरनं.” म्हणजे घोट उतरला.

दहाव्या दिवशी शिंगराच्या ओठांवर दुधाचा फेस दिसला.

आता मी खुंटीवर रिकामीच असते. राग नाही कुणाचा. औषध चांगलं होतं, हात मायेचा होता, तरी एक आई जाता जाता राहिली.

मित्रांनो, तुमच्या घरी आज कुणाला औषध पाजलंय? तान्ह्याला, आजारी आजीला, गोठ्यातल्या जनावराला? पाजून झालं म्हणून कुणी उठून गेलं असेल. तुम्ही त्यांच्याकडे जा. घटकाभर जवळ बसा, आणि छाती नीट हलतेय ना, तेवढं बघून या.