सहदेवची चिडचिड

मानवी मेंदू ही निसर्गाची सर्वांत नाजूक निर्मिती आहे. सहदेवचं डोकं मासेमारी करताना त्याच्याच इंजिनाच्या होडीच्या काठावर आपटेपर्यंत कुणकेश्वरात त्याच्याबद्दल मात्र असं कोणीच म्हटलं नव्हतं.

डॉक्टरांनी त्याच्या बायकोला, वर्षालीला, बजावलं, "मेंदूला मुका मार आहे. उलटी, विसराळूपणा, चिडचिड यांवर लक्ष ठेवा. ही लक्षणं थांबेपर्यंत समुद्र बंद."

उलटी झालीच नाही. विसराळूपणा तपासायला अख्खी वाडी आली. समाचाराला येणारा प्रत्येक जण चहा पिता पिता विचारी, "रे सहदेवा, माका वळाखलंस?"

"शिमग्यात माझा जाळा नेऊन फाडलंस, तो तू!"

"याद बरी आसा," वर्षाली म्हणाली, "पण चिडचिड गेली नाय. उद्या पण घरातच बस."

"लगीन झाल्यापासून मी असोच आसंय गो!"

"बघ, परत चिडलंस!"

बाहेर समुद्रात जाळ्यांना बांगडा लागत होता आणि सहदेव ओटीवर बसून ओळखपरेड देत होता. अखेर त्याने ठरवलं, आता गोडच बोलायचं. सकाळी चहाचा घोट घेऊन तो हळुवारपणे म्हणाला, "च्याय बरी झाली हां गो."

इतक्या वर्षांच्या संसारात हे पहिल्यांदाच घडत होतं. वर्षालीने शेजारणीला हाक मारली, "गोदूबाय, धाव गो! ह्येंच्या डोक्यात काय तरी झाला!" आणि रिक्षात घालून त्याला दवाखान्यात नेलं.

डॉक्टरांनी नीट तपासलं. "डोकं ठणठणीत आहे. उद्यापासून खुशाल समुद्रात जा."

दुसऱ्या दिवशी एक जून होता, आणि इंजिनाच्या होड्यांना मासेमारीची दोन महिन्यांची पावसाळी बंदी लागली.