मोफत, कायदेशीर, परवानगीसह

इमानदार माणसाशी संसार करणं म्हणजे काय, ते मला विचारा. आमचे हे, बशीर मिस्त्री, दारव्ह्यात टीव्ही दुरुस्त करतात. टीव्ही उघडून बंद केल्यावर एखादा स्क्रू उरला, तर तो पुडीत बांधून गिऱ्हाइकाच्या घरी नेऊन देतात. बाजाराच्या दिवशी लोक भाजीपाला घ्यायला फिरतात, आमचे हे लोकांचे स्क्रू वाटत फिरतात. गावात त्यांची इज्जत फार मोठी. त्या इज्जतीला रोज झाडूनपुसून ठेवायचं काम मात्र माझं, जैबुनबीचं.

दुकानाचा पुढचा भाग आमच्या मोईनकडे होता. एकुलता एक पोरगा. त्याच्या चाचानं जेद्दाहून व्हिडिओ गेमचं एक पांढरं जपानी मशीन पाठवलं होतं, ते त्यानं जुन्या टीव्हीला जोडलं आणि गावातली पोरं तासाच्या भाड्यानं खेळायला लागली. गेमच्या सीड्या तो यवतमाळच्या फुटपाथवरून आणायचा. सगळ्या कॉपी केलेल्या, वर रंगीत झेरॉक्सचं कव्हर. ह्यांना ते माहीत नव्हतं. मला माहीत होतं, पण मला कोणी विचारलं नव्हतं.

बिंग फोडलं देवीलाल गुरुजींनी. गुरुजी जवळच्या तांड्यावरच्या शाळेत शिकवतात. ते एक बिघडलेला रिमोट घेऊन आले, तर हे त्यांच्यावरच घसरले. "गुरुजी, डुप्लिकेट कायले घेता? शिकले-सवरले माणसं तुम्ही!"

गुरुजींनी शांतपणे पुढच्या फळीवरची एक सीडी उचलली आणि ह्यांच्या हातात दिली. "बशीरभाई, हे बी डुप्लिकेटच हाये."

ह्यांचा चेहरा असा उतरला की मला गुरुजींचा राग आला. त्या दिवशी हे जेवले नाहीत. सगळ्या सीड्या पोत्यात भरल्या आणि मोईनला म्हणाले, "असली माल आण. पुढच्या बाजारापर्यंत आणला तर ठीक, नाहीतर औरंगाबादले मामूच्या गॅरेजात जाय. माह्या दुकानात चोरीची वस्तू राह्यणार नाही."

मामू म्हणजे माझा सख्खा भाऊ. माणूस चांगला आहे. पण आमच्या गल्लीतला तारिक त्याच्याकडे कामाला गेला, तो आता ईदलाच दिसतो, आणि आईच्या घरात पाहुण्यासारखा अंग चोरून बसतो. तहान लागली तर विचारतो, "गिलास कुठं ठेवता तुम्ही?" मला माझा पोरगा असा नको होता. मी त्यांना तोंडावर सांगितलं, "तुमच्या इमानदारीपायी माहं घर रिकामं करता का?" इमानदार माणूस गप्प बसला की त्याच्याशी भांडताही येत नाही.

मोईन रोज सायबर कॅफेत जाऊन बसायला लागला. पहिल्याच दिवशी कळलं की त्या कंपनीनं ते मशीन बनवणं कधीच बंद केलं आहे आणि असली सीड्या नागपुरातही मिळत नाहीत. पोरगा तोंड पाडून आला. मी खिचडी वाढली आणि मनातल्या मनात कंपनीच्या सात पिढ्यांचा उद्धार केला.

दोन-चार दिवसांनी मात्र तो उड्या मारतच घरात शिरला. "अम्मी, अब्बा, ऐका! हे मशीन बंद झालं तरी काही लोकायचा जीव अजून त्याच्यात अटकला हाये. घरी बसून नवे गेम बनवतात अन् फुकट देतात. कॉपी नाही, चोरी नाही. ज्यानं बनवला तोच वाटून राह्यला!"

"फुकट अन् असली?" हे म्हणाले. "दोन्ही एका पुडीत पाह्यलं का कधी? मागच्या साली बोगस बियाण्याच्या पुड्या बी अशाच गोड दिसत होत्या. मालकाचा कागद दाखव."

आता मोईननं निवडलेल्या गेमचा मालक कुठला? तर फिनलंड नावाच्या मुलखातला. तिथं म्हणे घरादारावर बर्फ पडतो. पण मोईन माझ्यावर गेला आहे, मागे हटत नाही. तो देवीलाल गुरुजींकडे गेला. गुरुजींनाही आपल्या बोलण्याची टोचणी लागलेली होती. त्यांनी कॅफेत बसून इंग्रजीत ईमेल लिहिला. बाजार जवळ येत होता आणि उत्तर येत नव्हतं. मी मोईनची बॅग माळ्यावरून काढली, धूळ झटकली आणि परत माळ्यावर टाकली. माझ्या हातानं ती भरणं मला जमेना.

बाजाराच्या दोन दिवस आधी गुरुजी स्वतः उत्तराचा कागद छापून घेऊन आले. दुकानात उभं राहून त्यांनी तो मराठीत वाचून दाखवला. गेम बनवणारा माणूस तिथला बस ड्रायव्हर होता. लिहिलं होतं, ‘खुशाल खेळा आणि दुसऱ्यांना खेळवा. खेळावरचं माझं नाव पुसू नका आणि खेळाचे पैसे घेऊ नका. माझा खेळ इतक्या लांब कोणी खेळेल असं मला वाटलं नव्हतं. आज मी बायकोला केक आणला.’

हे इतके खूश झाले की त्यांनी गुरुजींना मिठी मारली. मी म्हटलं, "ते सगळं ठीक हाये, पण पैसे घ्यायचे नाहीत तर खायचं काय?"

"खेळाले लोक येतील, त्यायचे टीव्ही बी बिघडतेच ना?" हे म्हणाले. "मोईन माह्या हाताखाली काम शिकन. पण आधी पाहू, इमानदारीच्या खेळाले कोणी येते का. कोणी नाही आलं तर मामूचं गॅरेज हायेच."

मी लगेच सांगून टाकलं की दुकानापुढे चहा मी विकणार. सगळं घर त्यांच्या एकट्याच्या इमानदारीच्या भरवशावर सोडायची माझी तयारी नव्हती.

त्या रात्री ह्यांनी स्वतः पत्र्यावर लाल रंगानं बोर्ड रंगवला. सकाळी तो चौकाकडे तोंड करून टांगला. बोर्डावर मोठ्या अक्षरात होतं: ‘मोफत! कायदेशीर! परवानगीसह! सर्वांसाठी खुले. येत्या बाजाराच्या दिवशी वाटप सुरू. बशीर मिस्त्री.’

आनंदाच्या भरात काय मोफत आहे, ते लिहायचंच राहून गेलं.

ती शेतकऱ्यांसाठीच्या सरकारी पॅकेजची वर्षं होती. कापसाची वाट लागली होती आणि सरकारकडून कधी गाय, कधी फवारणीचा पंप, कधी बियाणं येणार असं सारखं कानावर यायचं. काहीही मोफत म्हटलं की आमच्या भागातला माणूस आधी सातबारा काढायचा आणि मग विचारायचा की कशासाठी. बोर्ड दिवसभर टांगलेला होता. जीपवाल्या फकिरानं तो वाचला आणि खेड्याखेड्यांत सांगत सुटला की बशीर मिस्त्रीकडे परवानगीवालं मशीन वाटप आहे.

बाजाराच्या दिवशी मी चहाचं आधण ठेवून बाहेर पाहिलं, तर दुकानापासून चौकापर्यंत रांग. म्हातारे, बाया, धोतरवाले, लुगडेवाल्या. प्रत्येकाच्या हातात प्लास्टिकची पिशवी, पिशवीत सातबारा, रेशनकार्डाचं झेरॉक्स आणि दोन फोटो. समोरच्या झेरॉक्सवाल्याचं मशीन तापून बंद पडलं होतं.

सगळ्यांत पुढे तांड्यावरच्या धुरपताबाई. हातभर बांगड्या, कमरेवर हात. "कागद कोण घेऊन राह्यलं? जीपीत उभी राहून आली मी."

ह्यांना हळूहळू उमगलं. मग ते स्टुलावर चढले. माझ्या नवऱ्याचा आवाज मी कधी इतका बारीक झालेला ऐकला नव्हता. "लोकहो, हे सरकारी नाही. हा टीव्हीवरचा खेळ हाये. बोर्डावर लिहाचं राहून गेलं. चूक माही. तुमचा दिवस गेला, भाडं गेलं. माफ करा." खाली उतरून ते मोईनला म्हणाले, "बोर्ड उतरव. अन् मामूले फोन लाव. लोकायले फसवून दुकान नाही चालवायचं."

मोईन बोर्डाकडे निघाला. गर्दी कुजबुजत होती, काही माणसं पिशव्या बगलेत मारून निघालीही.

"थांब रे छोरा!" धुरपताबाई ओरडल्या. "बोर्ड कायले उतरवतो? बशीरभाई, मोफत लिवलं का नाही?"

"लिवलं, पण..."

"सर्वांसाठी लिवलं का नाही?"

"लिवलं."

"मंग दे! जे असन ते दे. एवढे डाव कचेरीत कागद देल्ले, एक डाव काही तं हाती पडू दे. मी खाली हात जाणार नाही." असं म्हणून त्यांनी आपली पिशवी काउंटरवर आपटली. मागच्यानंही पिशवी पुढे केली. निघालेले लोक परत फिरले.

आता आमच्या ह्यांनी शब्द दिला होता, तोही रंगवून. त्यांनी चष्मा पुसला, कागद घेतले आणि कचेरीतल्यासारखी खड्या आवाजात हाक मारली, "धुरपताबाई धावजी राठोड, हाजीर!"

"हाजीर!" बाई टीव्हीपुढच्या पाटावर बसल्या.

खेळ सोपा होता. मेंढरं कुंपणात घालायची, मधूनच लांडगा येतो. मोईननं बटणं दाखवली. बाईंनी जन्मभर बकऱ्या राखलेल्या, त्यामुळे सगळ्यांना वाटलं आता बघायलाच नको. पण बाईंचा बटणांवर विश्वासच नव्हता. त्या तोंडानंच हाकत होत्या. "हुर्र्र! इकडं मर! अगं ए पांढरे, तिकडं तुहा बाप हाये का?" मेंढरं ऐकेनात आणि लांडग्यानं सगळा कळप खाल्ला. बाई जागच्या उठल्या आणि त्यांनी टीव्हीतल्या लांडग्यावर चप्पल उगारली. रांग अशी हसली की बाजारातले भाजीवाले बघायला आले.

मग दिवसभर तेच. हे नाव पुकारत, माणूस गंभीर चेहऱ्यानं पुढे येई, हात जोडून पाटावर बसे आणि दोन मिनिटांत लहान पोर होऊन ओरडायला लागे. एका म्हाताऱ्यानं लांडग्याला चुकवून सगळी मेंढरं आत घातली, तर लोकांनी त्याला खांद्यावर घेतलं. खेळून झालं की हे प्रत्येकाचे कागद मोजून परत देत. कागद परत मिळतात हे लोकांना खेळापेक्षाही नवल वाटलं. ज्यानं कागद दिला त्याला त्याच दिवशी, न मागता, न रडता, हसत काहीतरी मिळालं. असं मी तरी पहिल्यांदाच पाहत होते.

माझा चहा चार वेळा संपला. जाताना कितीतरी जण आपापल्या बंद टीव्हीचं दुखणं सांगून गेले. धुरपताबाई शेवटच्या जीपपर्यंत थांबल्या, पुन्हा दोनदा खेळल्या आणि दोन्ही वेळा हरल्या.

दिवेलागणीला दुकान रिकामं झालं. मोईन कोपऱ्यात उभा होता, बापाकडे पाहत. मामूला फोन लावायचा का, हे विचारायची त्याची हिंमत नव्हती आणि माझीही नव्हती.

हे पाटावर टेकले आणि म्हणाले, "त्या बसवाल्याले चिठ्ठी लिही. सांग, तुमच्या लांडग्यानं सारा दारव्हा तालुका खाल्ला. अन् आता इथं एकदा नाही, हर बाजारी खेळ राहीन म्हणून लिही. शिकवणारा तू इथंच राह्यणार हायेस म्हणून बी लिही, नाहीतर तो विचारन का मशीन सांभाळते कोण."

मोईन चिठ्ठी लिहून घ्यायला गुरुजींच्या घराकडे पळाला. मी चहात साखर घातली, थोड्या वेळानं परत घातली. हे एक घोट घेऊन म्हणाले, "आज लयच गोड झाला."

"प्या गुपचूप," मी म्हटलं.