अकरावी जागा

सिनेमात जिथे जिथे संगीत येतं त्या जागांना आम्ही आकडे देतो. या चित्रपटात माझ्या बारा जागा होत्या.

१.
नामावली. ढोलाचे तीन ठोके. ‘संगीत : इवाकाबे सोकिची’. त्याखाली ‘बिवा : इवाकाबे फुसाए’. पहिल्या खेळाच्या अंधारात माझ्या बायकोनं डाव्या हातानं माझा दंड दाबला. उजवा एप्रिलपासून मांडीवर नुसता पडून असतो.

२, ३, ४.
बासरी. तिला त्यात रस नव्हता.
“अकरावी कधी हो?”
“शेवटाकडे.”
“त्या औषधानं डोळे मिटतात. म्हणून जेवलेसुद्धा नाही. पेंगले तर चिमटा काढा.”

५. (काढली.)
स्टुडिओतले लोक म्हणायचे, इवाकाबे गप्प बसण्याचा पगार घेतो. खरंच होतं. सत्तेचाळीस चित्रपट. तलवार उपसली की माझी वाद्यं थांबायची. बाई रडायला लागली की थांबायची.

११. तीन आठवड्यांपूर्वी, संकलनाच्या टेबलापाशी.
दिग्दर्शक हिरुकावा माझा जुना शिष्य.
“गुरुजी, अकरावी काढतोय.”
“कोण वाजवतंय ठाऊक आहे ना?”
“ठाऊक आहे. म्हणून तर चार दिवस तुम्हाला तोंड दाखवलं नाही.” मग हळूच म्हणाला, “आई दार लावून घेते, तिथे काही वाजू नये. तुम्हीच शिकवलंत.”
मी ते दृश्य संगीतासह पाहिलं. मग संगीताशिवाय. त्याचं बरोबर होतं. मीही काढली असती.

११. फेब्रुवारी, ध्वनिमुद्रण.
फुसाए बिवा, तिची ती चार तारांची वीणा, उभी धरून बसलेली, हातात ती हातपंख्याएवढी लाकडी नखी.
“इतकी वर्षं दुसऱ्यांच्या बायका वाजवायला बोलावल्यात. आता म्हातारी आठवली होय?”
वादक हसले. तिनं वाजवलं. चाळीस सेकंद. शेवटची तार विझेपर्यंत कुणी हललं नाही.
दोन महिन्यांनी तिचा हात गेला.

६ ते १०.
तीन आठवडे रोज सकाळी ठरवायचो, आज सांगू. आजही ठरवलं होतं. एका हातानं तिला किमोनोवरचा ओबी, तो रुंद कमरपट्टा, बांधता येत नाही. मी बांधला, वाकडा.
“नवरी दिसतेय का?” तिनं विचारलं.
“दिसतेस,” म्हणालो. एवढंच.

११.
आई दार सरकवते. लाकडाचा आवाज. मग काही नाही.
फुसाए पुढे वाकून बसली होती. डोळे टक्क उघडे. मी पडद्याकडे नाही, तिच्याकडेच पाहत होतो.

१२.
दिवे लागले.
“अहो, माझं कधी वाजलं?”
“तुला डुलकी लागली होती.”
“आणि चिमटा?”
“गाढ झोपली होतीस.”
ती रिकाम्या पडद्याकडे पाहत राहिली. “मेलं ते औषध,” म्हणाली.
हिरुकावा आमच्याजवळ आला. माझा आधार घेत ती उठली, त्याच्यापुढे कमरेत वाकली आणि तिनं माफी मागितली. एवढ्या मानानं बोलावलंत आणि मी झोपले.
त्यानं माझ्याकडे पाहिलं.
मी गप्प बसलो.