दहावा चमचा

"आई, ही बाटली तांदळाच्या डब्यामागं कुणी ठेवलेली?"

राजेंद्र स्वयंपाकघराच्या दारात उभा होता. हातात जुन्या लुगड्याच्या फडक्यातून अर्धवट बाहेर आलेली एक चपटी बाटली. तळाशी चार बोटं उरलेलं, मधाच्या रंगाचं काहीतरी.

मंजुळाबाईंनी परातीतला हात काढला नाही. "मीच. सात वर्षं तिथंच हाय. तुला आज दिसली?"

"दारू हाय ती, आई!"

"लिकर हाय. संत्र्याची. बिस्किटात घालायची."

"नाव बदललं म्हणून काय सरबत झालं तिचं? उद्या पौर्णिमा. विहारात वंदना मी घेणार. आणि तिथल्या सेक्रेटरीच्याच घरात..."

"मग सेक्रेटरीनं एवढ्या मोठ्यानं बोलू नये. सगळी बिरवाडी गोळा होईल."

भाजी चिरणारी सून, उज्वला, पदर तोंडाला लावून हसली.

मंजुळाबाई वांद्र्याला फिलोमिनाबाईंच्या घरी एकतीस वर्षं स्वयंपाकाला होत्या. डिसेंबर लागला की त्या घराला एकच काम. बेदाणे, खजूर, सुके अंजीर बारीक चिरून, संत्र्याची साल घालून, आठ दिवस लिकरमध्ये भिजत ठेवायचे. मग लोणी आणि तांबूस साखर फेसायची, अक्रोड नि काजू हातानंच मोडायचे, सुरीनं नाही. बाई त्याला कुकीज म्हणत. मंजुळाबाई म्हणत बिस्किटं. पण खुसखुशीत झाली तर ती फुकट गेली असं समजायचं. कडा तांबूस व्हायला लागल्या, मधे बोट टेकवल्यावर खळी पडली, की लगेच बाहेर काढायची. चावताना दाताला जरा ओढ लागली पाहिजे.

हे सगळं मंजुळाबाईंना हातानं ठाऊक होतं. जिभेनं नव्हे. त्यांचे वडील, रामजी, बारा वर्षांचे असताना चवदार तळ्याचं पाणी ओंजळीनं प्यायले होते. पुढे दीक्षा घेतल्यावर त्यांनी घरातल्या पोरांना एकेक शील समजावून दिलं. पाचव्यापाशी, दारू-नशा न करण्याच्या, थांबून म्हणाले होते, "एवढी लांब चालत जाऊन जे तोंड आम्ही पाण्याला लावलं, ते आता कसल्या घाणीला लावायचं नाय." मंजुळाबाईंनी तो शब्द पाळला. बाईंनी एकदाच विचारलं, कारण ऐकलं, आणि म्हणाल्या, "ठीक. हात तुझा, चव माझी."

तेव्हापासून रीतच पडली. मंजुळाबाई मोजून नऊ चमचे लिकर पिठात घालायच्या आणि परात बाईंपुढे धरायच्या. "बाई, बघा बरं." बाई बोटभर पीठ चाखायच्या, डोळे मिटायच्या, आणि दरवर्षी तेच म्हणायच्या, "कमी पडली." मग दहावा चमचा स्वतःच्या हातानं ओतायच्या. मंजुळाबाईंना पहिल्या दोन वर्षांतच कळलं होतं की दहा लागतात. तरी त्या नऊच घालत राहिल्या. बाईंच्या घरात बाईंसाठी एक चमचा ठेवायला नको?

काम सोडताना बाईंनी छोटा ओव्हन दिला, आणि ही उरलेली बाटली.

आणि गेल्या आठवड्यात बाईंच्या मुलीचा, लोर्नाचा, फोन आला. "मंजूमावशी, मम्मीला मी गोव्याला घेऊन चाललेय. कायमची. सहा महिने झाले, कुणाला ओळखत नाही. माझ्याकडेपण अशी बघते जशी मी शेजारीण. जेवत नाही, आणि पोटात काही गेल्याशिवाय गोळी देता येत नाही. तुझ्या गावावरूनच जाणार, फाट्यावर थांबू. तुझ्या त्या कुकीज... जमेल?"

"जमेल," मंजुळाबाई म्हणाल्या होत्या. फोन ठेवल्यावर मात्र त्यांच्या मनात आलं. आयुष्यभर चव दुसऱ्याची होती. आता बरोबर झालं की नाही, हे सांगायचं कुणी?

बिस्किटं कुणासाठी ते कळल्यावर राजेंद्रनं बाटली ओट्यावर ठेवली. "किती घालायची?" त्यानं खालच्या आवाजात विचारलं.

"मघाशीच घालून ठेवली परत. नऊ चमचे."

"बास?"

"दहा लागतात."

"मग घाल ना एक. आता येवढी घातलीसच तर."

"तो माझा नाय," मंजुळाबाई म्हणाल्या आणि पिठाचे गोळे करायला बसल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी दहाला लोर्नाची गाडी फाट्यावर, रसवंतीच्या सावलीत थांबली. ती उतरून मंजुळाबाईंच्या गळ्यातच पडली. मागच्या सीटवर फिलोमिनाबाई होत्या. केस पांढरे, पण भांग तसाच सरळ. त्या उसाच्या चरकाकडे बघत होत्या.

"मम्मी, बघ कोण आलंय!"

बाईंनी पाहिलं, मान हलवली, पुन्हा चरकाकडे वळल्या.

"पोलादपूर गेलं की घाट," लोर्ना पुटपुटली. "त्याआधी गोळी द्यायलाच हवी गं."

'ओळखलंत का?' असं मंजुळाबाईंनी विचारलं नाही. त्यांनी डबा उघडला आणि परात धरायच्या तसा दोन्ही हातांनी पुढे केला.

"बाई, बघा बरं."

बाईंनी एक बिस्कीट उचललं. तुकडा मोडला. चावला. फार वेळ चावला. चरकाची घुंगरं वाजत होती.

बाईंनी डोळे मिटले.

"कमी पडली," त्या म्हणाल्या. मग डोळे उघडून, चांगल्याच रागानं, "तुझा हात नेहमीच आखडता!"

लोर्ना पाठ फिरवून उभी राहिली. तिचे खांदे हलत होते.

मंजुळाबाईंनी पिशवीतून बाटली काढली. चमचाही आणला होता. तो भरून बाईंच्या हातात दिला आणि खालून आपल्या हाताचा आधार दिला. चमचा डब्यावर कलला. निम्मी लिकर बिस्किटांवर पडली, निम्मी मंजुळाबाईंच्या बोटांवरून ओघळली.

"आता ठीक," बाई म्हणाल्या. दुसरं बिस्कीट पुरतं खाल्लं. गोळीही घेतली.

बाटली लोर्नाच्या हातात देत मंजुळाबाई म्हणाल्या, "ही तुमच्याकडंच राहू दे गो. माझ्याकडं आता तिला काम नाय."

गाडी निघाली. काचेआड बाई पुन्हा चरकाकडेच बघत होत्या.

संध्याकाळी विहार भरला होता. राजेंद्र पुढे बसून एकेक शील म्हणत होता, मागून सगळे. पाचव्या शीलापाशी त्यानं हळूच आईकडे पाहिलं. मंजुळाबाईंनी ते नेहमीच्याच आवाजात, स्पष्ट म्हटलं. त्यांनी घरी येऊन दोनदा साबणानं हात धुतले होते. तरी जोडलेल्या बोटांना अजून संत्र्याचा वास येत होता. त्यांनी हात जरासे वर, हनुवटीपाशी घेतले, आणि वंदना संपेपर्यंत तसेच ठेवले.