सातही वेळा निळी

सात मिनिटांच्या त्या लघुपटात दिग्दर्शकाने स्वतःचेच स्वप्न मांडायला घेतले होते. वर्षभर ते त्याची पाठ सोडीत नव्हते: दिवंगत आई खिडकीशी पाठमोरी बसलेली, आणि क्षणोक्षणी तिच्या शालीचा रंग पालटणारा. सात दृश्यांसाठी त्याने सात शाली निवडल्या, क्रमाची चिठ्ठीही लिहिली. आईच्या जागी त्याची थोरली बहीण, ताई, बसली. निद्रिस्त मुलगा म्हणून तो स्वतः डोळे मिटून उंबऱ्यावर उभा राहिला. दुपारी दोनला सुतार चित्रीकरणासाठी उभारलेली खोली मोडणार होते. सकाळपासून त्याचा जीव थाऱ्यावर नव्हता.

घेतलेली दृश्ये पाहताना तो ताडकन उठला. सातही दृश्यांत शाल निळीच!

"ताई, चिठ्ठी दिली होती ना तुला?"

"दिली होतीस रे. वाचलीही होती."

ताईची हयात मोठ्या चित्रपटांत मागचे दृश्य पुढच्याशी जुळवण्यात गेली होती. पेला डाव्या हातात होता की उजव्या, हे तिला झोपेतही सांगता येई.

"आणि तू रे?" तो कॅमेरामनकडे वळला. "तुला दिसलं नाही?"

"दिसलं की," कॅमेरामन पुटपुटला. "पण ताईंची चूक काढायची माझी काय बिशाद!"

"अगं, स्वप्नात कुठे काही जुळतं का? सगळं मुसळ केरात!"

"सवय, बाबा. हात ऐकत नाहीत."

येरझारा घालता घालता तो थबकला. "पण चिठ्ठीत पहिली पिवळी होती. सवयच असती, तर सातही पिवळ्या झाल्या असत्या. निळी कशी?"

ताई शालीच्या दशा विंचरीत राहिली. "आई गेली तेव्हा तिच्या अंगावर निळी होती. तू पोचलास दुसऱ्या दिवशी."

आता त्याला उमगले: स्वप्न रंग बदलीत होते, कारण त्याला रंग ठाऊकच नव्हता. आणि वर्षभरात त्याने तो कोणाला विचारलाही नव्हता.

"सातही पुन्हा घेऊ," अखेर तो म्हणाला, "पहिली सहा चिठ्ठीप्रमाणे. सातव्याला निळी."

पावणेदोनला सातवे दृश्य लागले. बाहेर सुतार हातोड्या घेऊन ताटकळत होते. तो उंबऱ्यावर उभा राहिला.

"साहेब, डोळे उघडे आहेत तुमचे," कॅमेरामन म्हणाला.

"असू देत. चालू ठेव."

निळी शाल श्वासासरशी हलत होती. थांबा म्हणायचे त्याच्या ओठांवर येत होते, आणि तेथूनच परत फिरत होते.