बुटांचा गालिचा

आमच्या अँटिग्वा शहरात गुड फ्रायडेला दारोदारी लाकडाच्या रंगीत भुशाचे गालिचे घालतात. येशूची मूर्ती खांद्यावर घेतलेली माणसं त्यांवरून चालत जातात, नक्षी विस्कटते आणि केलेल्या कष्टांचं चीज होतं. गालिचा न तुडवलेला राहिला तर वर्षभर तोंड दाखवायला जागा नाही. तीस वर्षं या गल्लीत माझ्या गालिच्यावरच्या लिलीच्या फुलांचंच नाव होतं.

यंदा शेजारच्या ओडिलियाने डोळ्यांवर पट्टी बांधलेला येशू काढला. त्याला फरफटत नेणाऱ्यांच्या पायांत लष्करी बूट. तिच्या थोरल्या भावाला अशाच बुटांनी नेलं होतं, तो परत आला नाही.

सकाळीच गर्दी झाली. कुणी गुडघे टेकले, कुणी विटंबना म्हणून थुंकलं, कॉलेजची पोरं फलक घेऊन गालिच्याभोवती उभी राहिली. रेडिओवाला आला तो माझ्या लिलींकडे पाठ करून. खरं सांगते, मी जळून खाक झाले. ते चित्र चांगलं होतं, हेच सगळ्यात जास्त झोंबलं. माझ्या फुलांवर थुंकायलाही कुणी आलं नव्हतं.

मी तडक मिरवणूक मंडळाचे प्रमुख फुल्हेन्सिओ यांच्याकडे गेले. देवाला त्या बुटांवरून नेणार का, असं विचारून चांगलं तिखटमीठ लावलं. वाटलं, झाडू घेऊन माणसं पाठवतील. त्यांनी मिरवणूकच मागच्या गल्लीने वळवली.

दुपारी बँड मागच्या गल्लीतून वाजत गेला. गर्दीही तिकडे पळाली. आमचे दोन्ही गालिचे जसेच्या तसे.

थोड्या वेळाने ओडिलिया माझ्या दारात आली. रडून डोळे सुजले होते.

"मावशी, माझ्यापायी तुमचाही गालिचा तसाच राहिला. कोणी मेल्याने जाऊन चुगली केली. मला माफ करा."

तिने चपला काढल्या आणि मूर्ती खांद्यावर असल्यासारखी, डुलत डुलत माझ्या लिलींवरून या टोकापासून त्या टोकापर्यंत चालत गेली. पांढरा भुसा जांभळ्यात मिसळला.

"आता तुम्ही माझ्या गालिच्यावरून चाला," ती म्हणाली. "तुमचे पाय लागले तरी पुरे."

सकाळपासून तोच गालिचा पायाखाली तुडवायला मी तडफडत होते. आता पाऊल उचलेना.